सोनेरी अरण्यातील काळाचा हिशेब

वद्य अष्टमीच्या सुमारास अरण्यात शिरलेल्या मनुष्याला, तेथून निघून आठवडाभर नदीतून प्रवास केल्यावर आकाशात बीजेची कोर दिसली, तर मधल्या मुक्कामाचे दिवस त्याने किती धरावेत? जे. आर. आर. टोल्कीन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये सॅम नावाच्या साध्याभोळ्या माळ्यापुढे हाच प्रश्न उभा राहतो. लोथ्लोरिएनच्या अरण्यातील तीन रात्री त्याला लख्ख आठवतात, आणखी काही पुसट आठवतात, पण तेथे सबंध महिना काही गेला नाही, हे तो शपथेवर सांगण्यास तयार आहे. आणि चंद्राचा दाखला घ्यावा, तर मुक्काम मुळी घडलाच नाही असे म्हणावे लागते. ग्रंथाच्या परिशिष्टातील तारीखवार नोंदी मात्र निःसंदिग्ध आहेत. सॅम आणि त्याचे सोबती 17 जानेवारीला अरण्यातील राजनगरीत पोहोचली आणि 16 फेब्रुवारीला तिचा निरोप घेऊन निघाली. म्हणजे मुक्काम जवळजवळ एका चांद्रमासाचा झाला. आणि चांद्रमास पुरा झाला की चंद्र पूर्वीच्याच कलेवर येत असल्यामुळे शून्य दिवस आणि एक महिना या दोन्ही रकमा आकाशाच्या वहीत सारख्याच दिसतात.

हा तपशील मला फार मोलाचा वाटतो, कारण मंतरलेल्या भूमीच्या जुन्या कथांहून टोल्कीन यांची वाट येथेच निराळी होते. त्या कथांतील काळाचा कायदा ठरलेला आहे: आत गेलेल्याला क्षण वाटतो, बाहेर युगे लोटतात, आणि वसुली होते ती परतणाऱ्याकडून. आयर्लंडचा ओशीन तरुणांच्या देशातून परतला तेव्हा मागे 300 वर्षे उलटली होती, आणि मायभूमीचा स्पर्श होताच ती सारी त्याच्या देहावर कोसळली. आपल्याकडे भागवतातील राजा ककुद्मी रेवतीसाठी वर विचारण्यास ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालले होते म्हणून क्षणभर थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर 27 चतुर्युगे सरली. ज्यांना तो जावई करू पाहत होता त्यांच्या वंशजांचे नावही कोठे ऐकू येईना. लहानपणी ही कथा गमतीची वाटते. वय वाढले की तिच्यातील भयाण एकाकीपणा ध्यानात येतो.

टोल्कीन यांनाही हा मार्ग खुला होता. त्यांचे पुत्र क्रिस्टोफर यांनी 1989 साली प्रसिद्ध केलेल्या मसुद्यांवरून दिसते की, अरण्यात असताना बाहेर काळ सरकतच नाही, अशी योजना त्यांनी एकदा केली होती आणि मग ती सोडून दिली. छापील ग्रंथात सॅमचा एल्फ सोबती लेगोलस स्पष्ट सांगतो की काळ कोठेही थांबत नाही. फक्त बदल आणि वाढ यांची गती सर्वत्र सारखी नसते. मग लोथ्लोरिएनमध्ये जे थबकलेले भासते ते काय? तेथील मॅलॉर्न वृक्षांची पाने शरदात गळत नाहीत, सोनेरी होऊन फांदीवरच राहतात आणि वसंतात नवी पालवी फुटल्यावरच खाली येतात. सॅमचा मालक फ्रोडो याला तेथे गतयुगाच्या एखाद्या कोपऱ्यात पाऊल पडल्यासारखे वाटते. रोग नाही, व्यंग नाही, झडलेपण नाही. ही सारी किमया राणी गॅलाड्रिएलच्या बोटातील अंगठीची आहे, आणि त्या अंगठीचा अंमल, ज्या दुष्ट अंगठीचा नाश करण्यास फ्रोडो निघाला आहे, तिच्याच अस्तित्वावर अवलंबून आहे.

या अरण्यातील काळाचे देणे पांथस्थाच्या माथी येत नाही. ते अरण्याच्या स्वतःच्या खात्यावर चढत असते. जे प्रिय आहे ते आहे तसेच राहावे, त्याला ओरखडाही उठू नये, या आपल्या अत्यंत निर्मळ इच्छेतच एक अपराध दडलेला असतो, हे सांगण्याचे धैर्य टोल्कीन यांनी दाखविले. 1954 सालच्या एका पत्रात त्यांनी अरण्यात राहणाऱ्या या एल्फ लोकांना शवाला मसाला भरून ते टिकविणाऱ्यांची उपमा दिली आहे. स्वतःच्या लाडक्या सृष्टीविषयी लेखकाने इतके कठोर व्हावे, याचे मला प्रथम वाईट वाटले. परंतु पहिल्या महायुद्धात, 1916 साली, सोमच्या रणभूमीवर ज्याने खंदकातले दिवस काढले आणि 1918 पर्यंत ज्याच्या जिवलग मित्रांपैकी एकच जिवंत उरला, त्या माणसाला काळ थोपवून धरण्याच्या ओढीची ताकद दुसऱ्या कोणी शिकवावयास नको होती. ही ओढ त्याने आतून ओळखली होती, आणि म्हणूनच तिला न्यायासनासमोर उभे करण्याचा अधिकारही त्याला होता.

आपल्या सह्याद्रीतील देवराया मनात येतात त्या येथे. 1970च्या दशकात वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी ज्यांचा शास्त्रीय अभ्यास केला, त्या या रायांतही कुऱ्हाडीला मज्जाव असतो, आणि पुष्कळ ठिकाणी पडलेली काटकीसुद्धा घरी नेण्याची वहिवाट नसते. परंतु तेथे काळ थोपविलेला नसतो, मोकळा सोडलेला असतो. उन्मळून पडलेल्या वृक्षावर शेवाळ चढते, वाळवी लागते, त्याच्याच कुजक्या खोडातून रोप वर येते आणि गारंबीच्या पीळदार वेली जित्या-मेल्या झाडांना एकत्र बांधून ठेवतात. तेथे गेलेल्यालाही घटकापळांचे भान उरत नाही. पण ते सर्व वयांची झाडे एकाच दृष्टिक्षेपात भेटतात म्हणून.

गॅलाड्रिएलची थोरवी अशी की हा हिशेब तिला ठाऊक आहे. फ्रोडोला यश आले तर आपले अरण्य ओसरणार आणि अपयश आले तर ते शत्रूच्या हाती जाणार, हे जाणूनही ती त्याला वाट दाखविते, आणि सॅमच्या हाती आपल्या बागेतील मातीची एक लहानशी डबी देते, जिच्यात मॅलॉर्नचे एक बी असते. तोडलेल्या जुन्या झाडाच्या जागी सॅम ते आपल्या गावच्या माळावर पेरतो, आणि पुढच्याच वसंतात ते रुजून वर येते. अरण्य मात्र हळूहळू रिते होत जाते. पुष्कळ वर्षांनी, पती आरागॉर्न यांच्या निधनानंतर, गॅलाड्रिएलची नात आर्वेन एकटी तेथे परत येते. गॅलाड्रिएल कधीच समुद्रापार गेलेली असते आणि वाटांवर कोणाचा आवाज नसतो. ज्या टेकडीवर दोघांनी परस्परांना वचन दिले होते, तिच्या हिरवळीवर आर्वेन अखेरची आडवी होते तेव्हा हिवाळा सरलेला नसतो, फांद्यांवर नव्या पालवीची खूणही नसते, आणि तरी मॅलॉर्नची पाने खाली येत असतात.