भांड्याचे नाव आणि धम्माचा शब्द



नेरूळमधल्या एखाद्या इमारतीचा जिना चढून पाहा. १९७० साली सिडको स्थापन झाली, नवी मुंबई उभी राहिली आणि चार मुलखांतली माणसे एका जिन्यावर आली. रत्नागिरीकडची बाई टोपात भात शिजवते. परभणीची ताई त्याच भांड्याला भगुणे म्हणते, नागपूरची मावशी गंज म्हणते आणि सातारची वहिनी पातेले. नावावरून जो भांडत बसेल तो उपाशी राहील.

तथागतांनीही भांड्याचाच दाखला दिला आहे. मज्झिम निकायातील अरणविभंग सुत्त पाहा. त्याच वस्तूला एका जनपदात पाती म्हणतात, दुसऱ्यात पत्त, तिसऱ्यात सराव. आपल्याच गावच्या शब्दाचा हट्ट धरू नका, असा त्यांचा उपदेश आहे. चुल्लवग्गात दुसरा प्रसंग आहे. ब्राह्मण कुळातून आलेल्या दोन भिक्षू बंधूंनी बुद्धवचन छंदसात घालण्याची परवानगी मागितली. भगवंतांनी नकार दिला व बुद्धवचन स्वभाषेत शिकण्याची मुभा दिली. धम्म हा मूठभर पंडितांचा नाही, तो सर्वांचा आहे.

म्हणून घरी लेकराला, म्हाताऱ्या आईला धम्म सांगताना त्यांच्या बोलीत सांगा. अवघड शब्दाऐवजी सोपा शब्द घ्या. त्यात काही उणेपणा नाही.

पण मग सगळेच शब्द बदलायचे काय? नाही. नावे बदलत नाहीत. शुद्धोदन या नावाचा अर्थ शुद्ध भात असा होतो, म्हणून आपण सिद्धार्थाच्या वडिलांना 'शुद्ध भात' म्हणत नाही! आणि जशी नावे, तसे धम्माचे काही शब्द. ते समजावून सांगायचे असतात, त्यांच्या जागी दुसरे बसवायचे नसतात.

कारण आपण जुने घर सोडले, तरी जुन्या घरचे शब्द जिभेवर राहतात. निब्बानाऐवजी कोणी सहज 'मोक्ष' म्हणतो. मोक्ष म्हटले की आत्मा आला, आत्मा आला की त्याचा प्रवास आला, आणि जुने सर्व मागल्या दाराने घरात शिरले. निब्बान म्हणजे राग, द्वेष आणि मोह यांचे विझणे. त्याला आत्मा लागत नाही. बाबासाहेबांना हा धोका पुरता ठाऊक होता. १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाच्या चौथ्या खंडात, शब्दांचे साम्य मूलभूत भेद कसा झाकते यावर त्यांनी एक संपूर्ण भाग लिहिला. पुनर्जन्म, कर्म, अहिंसा हे शब्द दोन्हीकडे आहेत, पण अर्थ वेगळा आहे.

शीलांचेही तसेच. शील हे शिक्षापद आहे. ते मी स्वतः स्वीकारतो आणि त्याचा अभ्यास करतो. त्याला 'आज्ञा' म्हटले की आज्ञा देणारा कोणी वर बसवावा लागतो. आणि पाचवे शील? एखादा गृहस्थ त्याचा अर्थ सांगतो, "दारूचे व्यसन नसावे." मग सणासुदीला पेला हातात घेऊन म्हणतो, "मला कुठे व्यसन आहे?" शिक्षापद आहे मद्यापासून अलिप्त राहण्याचे. एक शब्द हलला आणि शील गेले. त्याची किंमत घरातली बाई आणि लेकरे मोजतात.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेबांनी त्रिसरण-पंचशील पालीत घेतले आणि बावीस प्रतिज्ञा मराठीत दिल्या. दोन्ही एकाच दिवशी, एकाच मैदानावर. पालीने धम्माचे शब्द जपले, मराठीने ते लाखो माणसांच्या काळजापर्यंत नेले. आपल्याला दोन्ही हवेत.

आज रात्री वंदना झाल्यावर एवढे करा. घरातील प्रत्येकाने एकेक शील आपल्या बोलीत सांगावे. इतरांनी ऐकावे आणि एकच प्रश्न विचारावा : या शब्दांनी वागणूक तीच राहते, की पळवाट निघते? वागणूक तीच राहत असेल, तर टोप म्हणा, गंज म्हणा, भात शिजेल. पळवाट निघत असेल, तर मूळ शब्दाकडे परत या.

नमो बुद्धाय! जयभीम!