पाणी येण्याआधी

सरदार सरोवराच्या बुडितात आलेलं महाराष्ट्रातलं पहिलं गाव मणिबेली. तेव्हा धुळे जिल्ह्यात होतं, आता नंदुरबारमध्ये. आनंद पटवर्धन आणि सीमंतिनी धुरू यांनी नर्मदेच्या या खोऱ्यावर केलेला माहितीपट 1995 मध्ये आला, 'अ नर्मदा डायरी'. त्यातला 'डायरी' हा शब्द मला फार मोलाचा वाटतो. रोजनिशी एका भेटीत लिहून होत नाही. पुन्हा पुन्हा जावं लागतं, काही घडत नसतानाही.

पाणी चढतं त्या दिवशी बातमीवाले पोचतातच. छातीभर पाण्यात उभी राहिलेली माणसं आपण पाहतो, हळहळतो. पण बुडालं काय, ते त्या चित्रात नसतं. उतारावरची ज्वारी, बांबूच्या कुडाची घरं, होळीच्या रात्री पाड्यापाड्यांतून येणारा ढोलांचा आवाज हे टिपायचं तर पाण्याच्या आधी तिथे असावं लागतं. माहितीपटाच्या कामातलं खरं अवघडपण तेच आहे, असं मी मानतो.

आणि इथे तर प्रश्न कागदाचाही होता. नर्मदा पाणीतंटा लवादाच्या 1979च्या निवाड्याने जमिनीच्या बदल्यात जमीन मान्य केली, पण पिढ्यान्‌पिढ्या वनजमीन कसणाऱ्या अनेक आदिवासींच्या नावे सातबाराच नव्हता. त्यांची शेती सरकारदप्तरी अतिक्रमण. मग काही घरं 'घोषित' प्रकल्पग्रस्त, काही 'अघोषित'. घर तेच, पाणीही तेच. ज्यांची नोंद दप्तराने घेतली नाही, त्यांच्याकडे कॅमेरा वळतो तेव्हा ती निव्वळ कला उरत नाही. इथे माणसं राहत होती, याची ती साक्ष असते.

मात्र तलाठ्यापुढे ही साक्ष चालत नाही. चित्रपटाने कुणाला एकरभर जमीन मिळवून दिली, असा दावा मी करणार नाही. जागतिक बँकेने नेमलेल्या मोर्स समितीचा कठोर अहवाल 1992 मध्ये आला, 1993 मध्ये बँकेचं धरणासाठीचं उरलेलं कर्ज थांबलं. त्यामागे गाव न सोडता बसलेल्या माणसांचं बळ होतं. धरण तरीही 138.68 मीटरपर्यंत गेलं.

त्या वर्षांत खोऱ्यात लहान असलेली मुलगी आज चाळिशीच्या आसपास असेल. आपलं घर कुठे होतं, हे तिच्या मुलांनी विचारलं, तर बोट दाखवायला समोर फक्त पाणी आहे. ती उतरण, ती पायवाट पडद्यावर मात्र अजून कोरडी आहे.