प्रेक्षक चौकटीबाहेर

अल्बर्ट सेरा या कातालान दिग्दर्शकाच्या ‘तार्देस दे सोलेदाद’ या माहितीपटात बैलझुंजीचं मैदान आहे, पण प्रेक्षक जवळजवळ दिसतच नाहीत. गर्दीचा आवाज तेवढा कानावर येतो. पडद्यावर उरतात आंद्रेस रोका रेय हा पेरूचा तरुण मॅटाडोर, त्याचे साथीदार आणि बैल. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. माणसांच्या अंगावरचे मायक्रोफोन त्यांची कुजबुज आणि शिव्या टिपतात. बैलाची धापही ऐकू येते.

स्पेनमधल्या या झुंजीचा क्रम ठरलेला असतो. घोडेस्वार भाल्याने बैलाच्या मानेवरचे स्नायू जखमी करतो, कारण त्याचं डोकं खाली यायला हवं असतं. मग काटेरी दांड्या रोवल्या जातात. शेवटी तलवार. दूरच्या आसनावरून ही सगळी लय वाटते, भरजरी पोशाख आणि लाल कापड वाटतं. सेराचा कॅमेरा मात्र मरणाऱ्या बैलाच्या तोंडाजवळून हलत नाही.

2024 मध्ये सान सेबास्तियान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. तो महोत्सवात दाखवूच नये, अशी मागणी प्राणिहक्कांसाठी लढणाऱ्या पाक्मा या पक्षाने केली होती. त्या मागणीमागची वेदना खरी आहे. तरीही ती मान्य झाली नाही हे बरंच झालं. टाळ्या वाजवणारे लोक चौकटीबाहेर ठेवले की त्यांची जागा चित्रपट पाहणाऱ्याला घ्यावी लागते, आणि ‘हे कोणासाठी चाललंय?’ हा प्रश्न थेट त्याच्याकडे येतो.

गोव्यातल्या धिर्योलाही हाच प्रश्न विचारायला हवा. तिथे बैल बैलाशी भिडतो, तलवार नसते. पण 1996 मध्ये अशाच एका झुंजीत माणसाचा जीव गेला आणि उच्च न्यायालयाच्या पणजी खंडपीठाने धिर्योवर बंदी घातली. तरी झुंजी चोरून होतात, त्यांवर पैजा लागतात, मोबाइलवरून त्यांची चित्रणं फिरतात. मे 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जल्लीकट्टू आणि बैलगाडा शर्यतींसाठीचे राज्यांचे कायदे वैध ठरवले, मग धिर्योनेच काय केलं, असं समर्थक विचारतात. पण शर्यतीत बैल पळतो. धिर्योत एका बैलाने दुसऱ्याला इजा करावी, हाच खेळ असतो.

मालक आपल्या बैलाला पोटच्या पोरासारखं वाढवतात, हेही समर्थक सांगतात. ते खरंच आहे. म्हणून तर शिंगाला शिंग भिडतं तेव्हा त्या मालकाने नेमकं काय पणाला लावलेलं असतं, हे त्यालाच विचारावंसं वाटतं.