आत्याला विचारलं नव्हतं

आजोबा १९८४ साली वारले. दिवस-कार्य झालं आणि तलाठ्याकडं वारस लावायचं काम निघालं. जमीन आजोबांनी स्वतःच्या कष्टानं घेतलेली, घोटीजवळची भाताची खाचरं. वारस दोन, माझे वडील आणि आत्या. आत्या सिन्नरकडं दिलेली. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानं मुलगीही वारस होते, हे वडिलांना ठाऊक होतं. ठाऊक नसतं, तर तिचा विषय निघाल्यावर त्यांनी आवाज हळू केला नसता.

फेरफाराची नोटीस चावडीवर लागली. आत्याच्या नावाची नोटीस आमच्याच घरी आली, कारण अर्जात तिचा पत्ता आमचाच दिलेला. घरात दहावी शिकलेला मी एकटा. मीच ती वाचली. पंधरा दिवसांत हरकत घ्या, असं लिहिलं होतं. घडी घालून वडिलांच्या हातात दिली. ते म्हणाले, "बहीण माझी हाये. ती काय नाही म्हणणार हाये का? आवणीच्या दिवसांत तिला उगं हेलपाटा कशाला?"

हरकत कोणाचीच आली नाही. बहिणीला हिस्सा नको, असं अर्जात होतं, तेच धरून नोंद मंजूर झाली. सातबाऱ्यावर वडील एकटे.

पुढं मी महसूल संहितेचं १५० वं कलम वाचलं. ज्यांचा संबंध आहे त्यांना लेखी कळवावं, हरकत आली तर ती वेगळ्या वहीत लिहून चौकशी करावी, आणि नोटीस बजावल्याशिवाय नोंद प्रमाणित करू नये, असा त्याचा अर्थ. कागद बघाल तर आमचं सगळं कलमाप्रमाणंच झालेलं. फक्त जिचं ऐकायचं, तिच्यापर्यंत काही गेलं नाही.

बरीच वर्षं मी मनाची समजूत घातली. आत्यानं अंगठा दिलाच असता. आमच्याकडं बहिणी भावाला नाही म्हणत नाहीत. मग विचारलं काय, न विचारलं काय, निकाल तोच.

६ मार्च २०१८ ला नाशकाहून निघालेला शेतकऱ्यांचा मोर्चा आमच्या हायवेवरून मुंबईला गेला. सुरगाणा, पेठ, दिंडोरीकडची आदिवासी माणसं त्यात पुष्कळ. मी पाणी द्यायला उभा होतो. एक म्हातारा टेकला, त्याला म्हटलं, "बाबा, काय मागणं?" तो म्हणाला, "वनजमिनीचा दावा टाकला व्हता. नामंजूर झाला म्हणत्यात. कशापायी, ते कोणी सांगंना."

जमीन नाही मिळाली, याच्या आधी त्याला हे लागलं होतं. २००६ च्या वनहक्क कायद्यात तर स्पष्ट आहे, की दाद मागणाऱ्याला म्हणणं मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय त्याच्या विरुद्ध निकाल देऊ नये. पुढच्या वर्षी १३ फेब्रुवारीला सुप्रीम कोर्टानं दावे नामंजूर झालेल्यांना जमिनीवरून काढायला सांगितलं, आणि २८ तारखेला तो आदेश स्वतःच थांबवला. दावे नामंजूर करताना रीत पाळली का, ते आधी राज्यांनी सांगावं, असं म्हणून.

त्या म्हाताऱ्यानं मला आत्याची आठवण करून दिली. आखाजीला तिच्याकडं गेलो आणि नोटिशीचं सांगून टाकलं. ती बराच वेळ तांदूळ निवडत राहिली. मग म्हणाली, "जमीन मी सोडलीच असती रे. पण बांधावरचा आंबा मागणार होते. माझ्या हातचा तो."

तो आंबा आम्ही घराच्या तुळईसाठी कधीच तोडला होता.

निकाल तोच लागला असता, हे मी म्हणत होतो, ते तिच्या मनातलं मला ठाऊक आहे असं धरून. वडिलांनीही तेच धरलं, साहेबांनीही. सुनावणी कशाला, तर आपल्याला जे माहीत नाही हेच माहीत नसतं, ते कळायला. आणि कागदावर जिचं नाव आहे ती माणूस आहे, एवढं मान्य करायला. तिनं काही मागितलं नसतं, तरी तिला विचारणं चुकायला नको होतं.

आत्या दोन वर्षांमागं गेली. तिला दोन मुलगे, एक मुलगी. आता सातबाऱ्यावर माझं नाव आहे. त्या तिघांना विचारायचं आहे. अजून विचारलेलं नाही.