स्थळ, स्मरण आणि वाटाड्या

जालना जिल्ह्याच्या उत्तर भागात, भोकरदनच्या परिसरात, सकाळी निघून दिवेलागणीला परतता येईल एवढ्या टापूत तीन स्थळे आहेत. भोकरदनला केळना नदीच्या काठी जमिनीच्या पातळीखाली कोरलेली लेणी आहेत. तिथून पूर्वेला, केळना आणि जुई या नद्यांच्या बेचक्यात, १८०३ च्या लढाईचे आसई आहे. बुलढाण्याच्या हद्दीकडे जयदेववाडीजवळ महानुभाव पंथाचे जाळीचा देव हे स्थान आहे. शाळेच्या पुस्तकात यांतले पहिले पुरातत्त्वात मोडते, दुसरे इतिहासात आणि तिसरे धर्मात. माहीतगार माणूस सोबत घेऊन एका दिवसात तिन्ही पाहणाऱ्याला मात्र सगळीकडे एकच प्रश्न पडतो. जे घडून गेले ते घरी बसून वाचता येते, मग त्या जागी पाय ठेवल्याने जास्तीचे काय हाती येते? या प्रश्नाला भारतीय धर्मविचाराने दिलेली उत्तरे जुनी आहेत, आणि ती एकमेकांशी जुळत नाहीत.

पुराणांनी तीर्थांचे तीन प्रकार मानले आहेत. संत-सज्जन हे चालते-बोलते, म्हणजे जंगम तीर्थ. सत्य, क्षमा, इंद्रियनिग्रह हे मानस तीर्थ. आणि नद्या, क्षेत्रे हे भौम तीर्थ. भौम तीर्थाला पावित्र्य कशाने येते याची काशीखंडात तीन कारणे सांगितली आहेत: भूमीचा अद्भुत प्रभाव, पाण्याचे तेज आणि मुनींनी त्या जागेचा केलेला स्वीकार. पहिली दोन कारणे निसर्गाची आहेत. तिसरे माणसाचे आहे, आणि स्मारक नावाची सगळी कल्पना या तिसऱ्या कारणावरच उभी राहते. तिथल्या मातीत वेगळे काही नसते. कोणीतरी तिथे राहिले, बसले, मेले, एवढेच असते.

संतांनी या कल्पनेला हादरे दिले. तीर्थात धोंडा आणि पाणी यापलीकडे काही नाही, देव सज्जनांत शोधावा, असे तुकारामांनी बजावले. याच जिल्ह्यातल्या जांब गावी १६०८ साली जन्मलेल्या समर्थ रामदासांनी दासबोधात आत्मज्ञानाला तीर्थ-व्रतांच्या वर बसवले. पण परंपरा असेही सांगते की टाकळीच्या तपानंतर बारा वर्षे त्यांनी देशभर तीर्थाटन केले. तीर्थांचा फोलपणा सांगण्याचा अधिकार तीर्थे पायाखाली घातलेल्यालाच असतो, असा याचा अर्थ लावता येईल. मात्र त्याने मूळ प्रश्न सुटत नाही, बारा वर्षे पुढे ढकलला जातो.

बौद्ध परंपरेचे उत्तर जास्त स्पष्ट आहे. बुद्धाचा जन्म, संबोधी, पहिला उपदेश आणि परिनिर्वाण यांच्या चार जागा श्रद्धावंतांनी पाहाव्यात, कारण त्या पाहून मनात संवेग उपजतो, असे महापरिनिब्बान सुत्तात सांगितले आहे. संवेग म्हणजे अनित्यतेच्या जाणिवेने मन हादरणे आणि आता वेळ दवडून चालणार नाही असे आतून वाटणे. इथे जागेत शक्ती मानलेली नाही. पाहणाऱ्यात होणारा बदल हेच फळ. भोकरदनशी या विचाराचा जुना संबंध आहे. सांची आणि भारहूत येथील स्तूपांच्या दानलेखांत भोगवर्धनच्या रहिवाशांची नावे कोरलेली आहेत, आणि भोगवर्धन म्हणजेच आजचे भोकरदन. १९७३ च्या उत्खननात इथे सातवाहनकालीन वस्तीचे भरपूर अवशेष निघाले. त्यांतल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीचे साम्य थेट इटलीतल्या पाँपेईच्या मूर्तीशी आहे. व्यापारावर पोसलेल्या या गावातल्या लोकांनी शेकडो कोसांवरच्या स्मारकाला पैसे दिले आणि तिथल्या दगडावर आपले व गावाचे नाव घातले. अनित्यतेचे स्मरण देणाऱ्या वास्तूवर स्वतःचे नाव टिकवण्याची ही हौस विसंगत खरी, पण त्या हौसेवाचून भोगवर्धनाबद्दलची आजची माहिती पुष्कळ तोकडी राहिली असती.

स्थळाच्या प्रश्नावर सर्वांत बारकाईने विचार केला तो महानुभावांनी. या पंथाच्या मते मोक्ष देणारा परमेश्वर एकच, आणि देवता त्या कामी असमर्थ. त्यामुळे देवळांत जाऊन देवतांची पूजा करणे पंथाला मान्य नाही. मग पूजनीय काय? पंथ ज्यांना परमेश्वराचा अवतार मानतो ते चक्रधरस्वामी तेराव्या शतकात महाराष्ट्रात हिंडले. ज्या जागी ते बसले, निजले, जेवले, ज्या वस्तूला त्यांचा हात लागला, तिला परमेश्वराचा संबंध घडला. म्हणून ती जागा आणि ती वस्तू नमस्कारास पात्र. जागेवर खूण म्हणून ओटा बांधतात. ओटा देवाचे रूप दाखवत नाही; इथे अमुक घडले एवढेच दाखवतो. चक्रधरांच्या लीळा म्हाइंभटांनी लीळाचरित्रात गोळा केल्या, आणि त्या कुठे घडल्या याची नोंद करायला चौदाव्या शतकात स्थानपोथी तयार झाली. मुनिव्यास कोठी यांच्या नावावर असलेल्या या ग्रंथात गावाच्या कोणत्या दिशेला कोणते देऊळ, त्याचे दार कुणीकडे, स्वामी कोणत्या बाजूला बसले, असा तपशील येतो. मराठीतले हे पहिले वाटाड्याचे पुस्तक म्हटले तर वावगे होणार नाही. यादवकाळातली गावे कशी होती हे शोधणारे अभ्यासक आजही त्याचा आधार घेतात.

पण याच पंथाने आपल्या भिक्षुकांना जागेचा लोभ धरायला मनाई केली आहे. एकट्याने, ठरावीक मुक्काम न धरता हिंडावे, ओळखीच्या गावात रुतून बसू नये, असा अटनाचा नियम आहे. जागेला चिकटू नका आणि जागेला नमस्कार करा, या दोन आज्ञांचा मेळ पंथाने स्मरणात घातला. नाम, मूर्ती, लीळा आणि चेष्टा यांचे अखंड स्मरण हे साधकाचे मुख्य काम. स्थान हे त्या स्मरणाला टेकू. टेकू हाच खांब समजला जाण्याचा धोका यात आहेच. जाळीच्या देवाला ‘बाहेरची बाधा’ झाल्याच्या समजुतीने आणलेली माणसे आणि त्यांचे हवालदिल नातेवाईक दिसतात. पंथाच्या तत्त्वज्ञानात मोक्षाच्या वाटेवरचे हे स्थान त्यांच्यासाठी इलाजाची जागा असते. मनाच्या आजाराला डॉक्टर लागतो, हे सांगायला हवेच. तरीही परमेश्वराच्या संबंधाने जागा तारक होते असे एकदा म्हटल्यावर, तारणे म्हणजे नक्की काय हे ठरवण्याचा हक्क भाविक स्वतःकडे घेणार, हेही ओघानेच आले.

मूर्ती आणि जागा यांतला हा फरक जांबमध्ये एकदा प्रत्यक्षच कसोटीला लागला. समर्थांच्या घराण्यातल्या पूजेच्या मूर्ती म्हणून मान असलेल्या तिथल्या राममंदिरातल्या मूर्ती ऑगस्ट २०२२ मध्ये चोरीला गेल्या आणि ऑक्टोबरमध्ये पोलिसांना सापडल्या. मधल्या काळात गावाचे पावित्र्य गेले, असे कोणी म्हटले नाही. पण गाव पोरके झाले, ही भावना सर्वत्र होती. आगमशास्त्राप्रमाणे देव मूर्तीत प्रतिष्ठित असतो आणि मूर्ती हलली तर शुद्धीचे विधी करावे लागतात. जन्मस्थानाचे तसे नाही. ते चोरता येत नाही, आणि त्याला पुन्हा प्रतिष्ठाही लागत नाही.

भोकरदनच्या लेण्यांत हा विचार वेगळ्या बाजूने पाहता येतो. सुमारे आठव्या शतकातली मानली जाणारी ही ब्राह्मणी लेणी वेरूळसारखी उंच कड्यात नाहीत. नदीकाठच्या खडकात, खाली उतरून जावे लागते. देऊळ बांधताना दगडावर दगड चढतो. लेण्यात नको असलेला दगड काढून टाकला की उरते ते देऊळ. आत गेलेल्याला आकाश, गाव, रस्ता काही दिसत नाही, आणि डोळे अंधाराला सरावेपर्यंत मूर्तीही दिसत नाही. हृदयाच्या गुहेत दडलेल्या आत्म्याची कल्पना कठोपनिषदात आहे. गर्भगृहाचा अंधार तिचेच स्थापत्य म्हणता येईल. दर्शनाला आलेल्याला आधी काही न दिसण्याची ही योजना आहे. मोबाईलच्या प्रखर दिव्यात शिल्पे नीट दिसतात हे खरे, पण उतरून आलेल्या त्या पायऱ्यांचे प्रयोजन त्या उजेडात संपते.

आसईला पाहण्यासारखे जवळजवळ काहीच नाही. शेते आहेत, दोन नद्या आहेत, गाव आहे. २३ सप्टेंबर १८०३ रोजी इथे आर्थर वेलस्लीच्या इंग्रजी फौजेने दौलतराव शिंदे आणि नागपूरकर रघूजी भोसले यांच्या सैन्याचा पराभव केला. शिंद्यांच्या कवायती पलटणी पोलमन या जर्मन अधिकाऱ्याच्या हाताखाली होत्या आणि त्यांचा तोफखाना जबर होता. लढाईनंतर ९८ तोफा इंग्रजांच्या हाती लागल्या. इंग्रजांचे मृत आणि जखमी मिळून सुमारे १,६०० झाले. मराठ्यांच्या हानीचा अंदाज ६,००० च्या आसपास जातो. कंपनी सरकारने आपल्या पलटणींना निशाणावर आसईचे नाव आणि हत्तीचे चिन्ह बहाल केले. युरोपातल्या सगळ्या मोठ्या लढायांनंतरही पुढे ड्यूक ऑफ वेलिंग्टन झालेला वेलस्ली आसईलाच आपली सर्वांत चांगली कामगिरी समजत असे.

या लढाईतल्या दोन घटना तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्यानेही ध्यानात घ्याव्यात अशा आहेत. शत्रू भोकरदनला आहे अशी खबर हरकाऱ्यांनी आणली. भोकरदन हे गावाचेही नाव होते आणि परगण्याचेही. छावणी प्रत्यक्षात तिथून आसईपर्यंत पसरलेली होती, त्यामुळे वेलस्ली अपेक्षेपेक्षा कितीतरी आधी शत्रूसमोर येऊन ठेपला. मग नदी ओलांडायची होती आणि वाटाडे म्हणत होते की तिथे उतार नाही. वेलस्लीला दुर्बिणीतून नदीच्या दोन काठांवर समोरासमोर दोन गावे दिसली. इतक्या जवळच्या गावांमध्ये ये-जा असणारच, म्हणजे उतारही असणार, असे त्याने ताडले, आणि ते खरे ठरले. न्यायदर्शन ज्ञानाची चार प्रमाणे मानते: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. हरकाऱ्यांची खबर आणि वाटाड्यांचे सांगणे हे शब्दप्रमाण. ते एकदा अर्थाच्या घोळात आणि एकदा अज्ञानात फसले. अनुमानाने त्यावर मात केली.

आज आसईला जाणारा माणूस नेमका उलट्या स्थितीत असतो. त्याला प्रत्यक्ष दिसते ते कपाशीचे शेत आणि नदीचे पात्र; त्यावरून लढाईचे अनुमान करता येत नाही. सगळा भार शब्दावर, म्हणजे सांगणाऱ्यावर पडतो. शब्द प्रमाण ठरतो तो सांगणारा आप्त असेल तर, म्हणजे त्याला ठाऊक असेल आणि फसवण्याचा त्याचा हेतू नसेल तर. इथे एक अडचण उभी राहते. न्यायशास्त्रात स्मृतीला प्रमाण मानत नाहीत, कारण ती आधीच्या अनुभवाच्या संस्कारातून उठते, नवे ज्ञान देत नाही. आसईचा अनुभव आज कोणाच्याच गाठी नाही. तिथे जे होते ते काटेकोर अर्थाने स्मरणसुद्धा नव्हे. दुसऱ्याच्या शब्दाला समोरच्या जमिनीची जोड देणे असते. मग त्या जमिनीची गरज काय? गरज अशी की शब्द घरी ऐकला तर त्याला बाध करणारे समोर काही नसते. इथे नदीची रुंदी, चढ, दोन गावांमधले अंतर यांच्यावर तो घासून पाहता येतो. आसईला जाण्याचे फळ म्हणून एवढे पुरेसे आहे. संवेग उपजलाच तर तो वरकड लाभ.

मेलेल्यांचा प्रश्न याहून अवघड आहे. हिंदू आचारात मृत्यूच्या जागेला अशौच लागते. स्मशानातून आलेला माणूस अंघोळ केल्याशिवाय घरात वावरत नाही. समाधी आणि वीरगळ हे याला अपवाद. संन्यासी आणि साधू विटाळाच्या पलीकडे मानले जातात, म्हणून त्यांच्या समाधीला प्रदक्षिणा घालतात. लढता-लढता मेलेला वीर स्वर्गाला जातो, म्हणून त्याचा दगड शेंदराने पुजला जातो. रणांगणालाच धर्मक्षेत्र म्हणण्याची वाट कुरुक्षेत्राने घालून दिली. पण वीरगळ एकेकाचा असतो, गाव त्याला ओळखत असते. आसईला पडलेल्यांत मद्रासकडचे शिपाई होते, स्कॉटलंडचे हायलँडर होते, शिंद्यांच्या पलटणींतले उत्तरेचे पुरबिये होते, मुसलमान स्वार होते. अधिकाऱ्यांची नावे कागदोपत्री राहिली. साध्या शिपायांची, त्यातही हरलेल्या बाजूची, बहुतेक नावे गेली.

धर्मशास्त्राने अशांची सोय केली आहे. भाद्रपद वद्य चतुर्दशी शस्त्राने मेलेल्यांच्या श्राद्धाची तिथी आहे, दुसऱ्या दिवशीची सर्वपित्री अमावास्या तिथी ठाऊक नसलेल्यांची, आणि तर्पणाच्या शेवटी ज्यांच्या मागे पाणी देणारा कोणी उरला नाही त्यांनाही ओंजळ दिली जाते. मुसलमानाने फातेहा पढावा, ख्रिस्त्याने प्रार्थना करावी. पण सगळे एकत्र पडलेल्या जमिनीसाठी सगळ्यांचा मिळून असा विधी कोणत्याच धर्मग्रंथात नाही. या बाबतीत महानुभावांच्या ओट्याचा नमुना उपयोगी पडण्याजोगा आहे, त्यांचा सिद्धांत बाजूला ठेवूनही. त्यावर मूर्ती नसते, जातगोत नसते, जयपराजय नसतो; जागेची खूण तेवढी असते. बाकीचे सांगणाऱ्याने सांगायचे, आणि सांगताना कागदपत्रांत काय आहे, गावात काय म्हणतात आणि आपण काय ताडले आहे, हे वेगवेगळे करून सांगायचे. स्थानपोथीच्या लेखकांनी एखाद्या जागेबद्दल मतभेद असला तर तोही नोंदवून ठेवला आहे.