वारा कुणाच्या हुकमात?

वाऱ्यावर हुकूम चालवणं हे पाप आहे काय? सवाल ऐकून काहीजण हसतील. वारा काय कुणाच्या बापाचा? पण अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन (1929–2018) यांनी असं एक जग उभं केलं आहे, जिथं वारा खरोखरच काहींच्या हुकमात आहे. त्या जगाचं नाव अर्थसी. पहिली कादंबरी ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ 1968 सालची. चहूकडं समुद्र, मधे बेटंच बेटं. जाणं-येणं, खाणं-कमावणं सगळं नावेवर. म्हणून वारा बांधणं हा तिथं रीतसर धंदा आहे. मंत्र जाणणारा माणूस शिडात वारा भरतो, वादळ बाजूला सारतो.

हे त्याला जमतं कसं? ज्याला वस्तूचं खरं नाव ठाऊक, त्याचा त्या वस्तूवर ताबा. ही नावं एका जुन्या भाषेत आहेत आणि ती भाषा रोक बेटावरच्या शाळेत शिकवतात. म्हंजे वारा सगळ्यांच्या अंगावर येतो, पण त्याचं नाव मोजक्यांच्याच जिभेवर.

गोंट नावाच्या बेटावर असे मांत्रिक पुष्कळ. तिथं पावसाचा ढग आला की प्रत्येकजण मंत्र टाकून तो पुढं ढकलतो. ढग बिचारा ठेचकाळत हिंडतो आणि शेवटी समुद्रावर जाऊन मोकळा होतो. वाचताना हसू येतं. पण दोस्तांनो, जरा विचार करा. ढकललेला ढग नाहीसा होत नाही, तो दुसऱ्याच्या डोक्यावर जातो. वाटेत ज्या घरात मंत्र नाही, ते घर भिजणार. रोकचे गुरुजीही हेच बजावतात, की इथं पाऊस ओढून आणलात तर भलत्याच बेटाचं पाणी तुटेल. जगाचा तोल सांभाळा.

‘तोल’ म्हटलं की आपले कान टवकारतात, आणि टवकारलेच पाहिजेत. घडी मोडू नका, पायरी सोडू नका, हे आपल्याला पिढ्यान्‌पिढ्या ऐकवलं गेलंय. मग ही कादंबरीही तेच सांगते का?

नाही. कादंबरीचा नायक गेड हा शेळ्या राखणारा पोरगा. त्याचा पहिला गुरू ओगियन पाऊस आला तरी मंत्र म्हणत नाही, झाडाखाली निमूट पडून राहतो. पोरगं आतल्या आत धुसफुसतं, की एवढी ताकद असून भिजायचं कशाला? पण याच ओगियननं पूर्वी भूकंप थोपवलेला आहे. ज्याला येतं आणि जो हात आवरतो, त्याचा संयम. ज्याला नावच शिकू दिलं नाही आणि जो पावसात उभा आहे, त्याच्यावर ती सक्ती. दोन्हींना एकच शब्द लावणारे लबाड आहेत. उपाशी माणसाला उपवासाचं पुण्य सांगू नये.

आता रोकच्या शाळेकडं बघा. तिच्याभोवती वाऱ्याचाच पहारा आहे. नको असलेलं गलबत वारा परत फिरवतो. अरिष्ट बाहेर राहावं म्हणून ही व्यवस्था. पण त्या शाळेत बायांना प्रवेश नाही. गेडला पहिला मंत्र शिकवला तो त्याच्या मावशीनं, गावच्या चेटकिणीनं. पोरगा रोकला गेला, मावशी गावातच राहिली. लेखिकेनं 1990 च्या ‘तेहानू’त हा प्रश्न स्वतःच पुन्हा उघडला, आणि 2001 च्या ‘टेल्स फ्रॉम अर्थसी’त दाखवलं, की ती शाळा उभारण्यात बायांचाही हात होता. नंतर त्यांनाच बाहेर काढलं. तोल तोल म्हणणाऱ्यांच्या तराजूचं एक पारडंच गायब!

आणि जो आत पोचला त्याचं काय? वरच्या घराण्यातला जॅस्पर गेडला शेळकी म्हणून हिणवतो. गेड पेटतो, त्याला दाखवून द्यायला मेलेल्या बाईचा आत्मा बोलावतो. त्या फटीतून एक काळी सावली सुटते. फट बुजवताना शाळेचा म्हातारा प्रमुख मरतो. गेडचा राग खराच होता. पण त्यानं आपली ताकद जॅस्परच्या मापानं मोजायला घेतली, तिथं घात झाला. शिकून वर गेलेल्या आपल्या पोरांनी हे पान दोनदा वाचावं.

पुढं गेड गरीब कोळ्यांच्या बेटांवर राहतो. पेचव्हरी नावाचा नाव बांधणारा त्याला उथळ पाण्यात होडी हाकायला शिकवतो, गेड त्याला होडीचे मंत्र देतो. इथं कुणी वरचा नाही, कुणी खालचा नाही. मला या धंद्याची नीती इथं सापडते.

म्हणून वारा बांधणं पाप नव्हे. त्याचं नाव लपवून ठेवणं हे पाप. आपण ते नाव शिकलंच पाहिजे, कुणी कितीही तोल सांगो. आणि शिकल्यावर ढग ढकलायची वेळ आली, तर आधी खाली कोण राहतं ते बघितलं पाहिजे. ती झोपडी आपलीच असेल, नायतर आपल्यासारख्याच कुणाची तरी.