वार चुकला, संकल्प नाही

मी लग्नं लावते. वधूवरांना आधीच बजावते, "अर्थ कळल्याशिवाय 'हो' म्हणू नका." फोटोग्राफर वैतागतो, मुहूर्तासाठी घड्याळ बघणारे मामा त्याहून जास्त. मग मी मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन याची गोष्ट सांगते.

'माय वाइफ्स रिलेशन्स' हा त्याचा १९२२चा मूकपट. काच यानेच फोडली म्हणून एक धिप्पाड आयरिश बाई त्याला बखोट धरून न्यायाधीशापुढे उभं करते. न्यायाधीश पोलिश बोलणारा, आणि लग्नाच्या जोडप्याची वाट बघत बसलेला. तो यांचंच लग्न लावून मोकळा होतो! घरी सासरा आणि दांडगे मेहुणे. जेवायला बसलं तर जावयाच्या वाट्याला मांसाचा तुकडा येईना. मग हा गुपचूप भिंतीवरच्या कॅलेंडरवर शुक्रवार आणून ठेवतो. घर कॅथलिक, त्या काळी शुक्रवारी मांस वर्ज्य. मंडळी निमूट ताटातलं परत ठेवतात आणि जावईबापू आडवा हात मारतात.



त्या सासरच्यांचं व्रत फळलं का? माझ्या मते फळलं. पूजेला बसताना आपण तिथी-वार-नक्षत्र म्हणतो. गुरुजींनी वार चुकीचा सांगितला म्हणून यजमानाची पूजा वाया गेली, असं मी मानत नाही. मांस सोडायचं त्यांनी मनापासून ठरवलं होतं. बस्टरच्या लग्नाचं तसं नाही. न्यायाधीश खरा, विधी यथासांग, पण आपण कशाला उभे आहोत हेच त्याला माहीत नव्हतं.

आपल्याकडे संस्कृत मंत्रांना मान डोलावणारे वधूवर काय वेगळं करतात? जोतीराव फुल्यांनी हे दुखणं नेमकं ओळखलं. १८७३पासून त्यांच्या सत्यशोधक समाजाने पुरोहिताविना लग्नं लावली, मंगलाष्टकं मराठीत आणली. मी मंत्र सोडलेले नाहीत. पण प्रत्येक मंत्राचा अर्थ मराठीत सांगते, थांबते, दोघांच्या तोंडाकडे बघते. वेळ लागतो. लागू दे.

सिनेमाच्या शेवटी बस्टर रेनोची, म्हणजे घटस्फोटासाठी नावाजलेल्या गावाची, गाडी पकडतो. मला विचाराल तर तिकिटाचे पैसे फुकट गेले. ते लग्न लागलंच नव्हतं.